त्यात अंडं असतं का?

आमच्या घरी बाहेरून काही खायला आलं की आई आधी त्याचा वास घ्यायची. मग झाकण ठेवायची आणि विचारायची, "कशाबद्दल?" वाढदिवस, परीक्षेचे पेढे, कुणाकडे बारसं, असं काही कारण मिळालं की ती जरा सैल व्हायची. कारण नसलं तर ते भांडं ओट्याच्या कोपऱ्यात तसंच राहायचं.

वरच्या मजल्यावरच्या काकूंनी काचेच्या भांड्यातून सफरचंदाचा तो गरम पदार्थ पहिल्यांदा पाठवला तेव्हा कारण काहीच नव्हतं. भांडं मीच खाली आणलं होतं. आईनं विचारलं, तेव्हा मी म्हणाले, "सहज."

"सहज कोणी काही करत नाही," आई म्हणाली.

फरीदाबादच्या नव्या सेक्टरातल्या त्या फ्लॅटमध्ये आम्ही नुकतेच राहायला आलो होतो. आजूबाजूचे प्लॉट अर्धे बांधलेले, जिकडेतिकडे वाळूचे ढीग. बाबा ट्रॅक्टरचे सुटे भाग करणाऱ्या कारखान्यात मशीनवर होते. आम्ही मूळचे कराडकडचे. मी दिल्लीतल्या कॉलेजात बी.एस्सी.च्या पहिल्या वर्षाला होते. आमच्या घराण्यात त्याआधी कुणी कॉलेज आतून पाहिलेलं नव्हतं, त्यामुळे तिथे दिवसभर काय चालतं, हे घरी मलाच समजावून सांगावं लागे. ते मला कधी नीट जमलं नाही. आताही जमेल की नाही, माहीत नाही.

दिवाळीनंतर अंधार लवकर पडू लागला. प्रॅक्टिकल संपवून शटल ट्रेननं घरी यायला उशीर व्हायचा आणि आई गॅलरीत उभी असायची. बाबा रागावले नाहीत. जेवताना शांतपणे म्हणाले, "पुढच्या महिन्यापासून घरीच राहा. पोस्टानं बी.ए. करता येतं म्हणे. डिग्री ती डिग्री."

पोस्टानं प्रॅक्टिकल होत नाही, हे मी सांगितलं. ते म्हणाले, "मग ज्याला प्रॅक्टिकल नाही ते कर."

वरच्या काकूंना हे जिन्यात बोलता बोलता कळलं. त्या केंद्र सरकारच्या एका ऑफिसात होत्या. नगरकडच्या, आमच्यासारख्याच मराठी, पण ख्रिश्चन. डिसेंबर लागला की त्यांच्या गॅलरीत कागदाची चांदणी लागायची. रोज सकाळी त्या सेक्टरातून निघणाऱ्या, महिन्याचे पैसे भरून सीट ठरवायच्या चार्टर्ड बसनं दिल्लीला जायच्या. त्या मला म्हणाल्या, "माझ्याबरोबर येत जा ग. एक तारखेपासून माझ्या शेजारची सीट रिकामी होतेय. संध्याकाळी कॉलेजातून कस्तुरबा गांधी मार्गावर ये, स्टॉपवर मी असतेच. दोघी मिळून येऊ. आईला विचारून लवकर सांग, नाहीतर दुसरं कोणीतरी सीट घेईल."

मी घरी येऊन सांगितलं. बाबा आईकडे बघत म्हणाले, "तुला ठीक वाटत असेल तर बघ."

आईनं एवढंच विचारलं, "तिला तुझं काय पडलंय?"

आणि त्यानंतर दोनच दिवसांनी ते काचेचं भांडं आलं.

त्याला काकू सफरचंदाचा चुरा म्हणायच्या. खाली सफरचंदाच्या मऊ, आंबटगोड फोडी, वर खरपूस, भुरभुरीत थर. दालचिनीचा वास जिन्यात खालपर्यंत यायचा. मला त्यांनी त्यांच्या घरीच वाटीभर दिला होता आणि आपणहून सांगितलं होतं, "अंडं नाहीये यात, बिल्कुल निवांत खा." आमच्याकडे अंडं घरात येत नाही. बाबा कारखान्याच्या कँटीनमध्ये खात असतील, हा आईचा आणखी एक संशय होता, पण त्यावर घरात बोलणं व्हायचं नाही.

आईनं तो चुरा चाखलाही नाही. समोरच्या प्लॉटवरच्या चौकीदाराला दिला. दुसऱ्या दिवशी तो ठणठणीत दिसला, हेही तिनं गॅलरीतून पाहून घेतलं.

पण भांडं रिकामं परत कसं पाठवायचं? आईनं ते घासून त्यात चकल्या भरल्या. आठवड्याच्या आतच ते परत आलं, पुन्हा चुरा घेऊन. चौकीदाराला दुसऱ्यांदा मिळाला. आईनं बेसनाचे लाडू भरले. भांडं वर गेलं आणि पुन्हा खाली आलं. दर वेळी आईच्या कपाळाला एक आठी जास्त पडायची. "एवढं करतेय म्हणजे काहीतरी हवंय तिला," ती म्हणायची, आणि लाडू मात्र मोठे वळायची.

एकदा वर गेले तर काकूंनी मला खुर्चीवर बसवलं आणि हळूच विचारलं, "तुझ्या आईचं माझ्याकडे काही काम आहे का ग? ऑफिसातलं वगैरे? सारखं काहीतरी पाठवतात म्हणून विचारलं."

मी नाही म्हटलं. त्यांना ते पटलेलं दिसलं नाही. हे मी आईला सांगितलं नाही.

तारीख जवळ येत होती आणि घरात सीटचा विषय कोणीच काढत नव्हतं. शेवटी एका रविवारी आई म्हणाली, "ती म्हणते ना, अंडं नाही? तर मग तू माझ्यासमोर कर. आपल्या डब्यांतलं घेऊन. झालं तसं, तर ती खरं बोलते. नाही झालं, तर काय ते कळेल."

"आणि कॉलेज?"

"एवढ्याशा गोष्टीत जी खोटं बोलेल तिच्या भरवशावर मी तुला पाठवायची का?"

मला यातला सांधा कळत होता आणि कळत नव्हताही. माझं बी.एस्सी. सफरचंदाच्या फोडींवर येऊन ठेपलं होतं, एवढं मात्र नक्की कळलं.

कृती मी ऐकलेली होती, पाहिलेली नव्हती. मैदा, साखर, तूप एकत्र करायचं, ते सफरचंदांवर पसरायचं आणि भाजायचं. काकूंकडे गोल ओव्हन होता. आमच्याकडे नव्हता, पण कुकरच्या तळाला वाळू घालून, रिंग आणि शिटी काढून त्यात केक होतो, हे तेव्हा सगळ्याच घरांत माहीत होतं. वाळूला तोटा नव्हता. तरी आईनं ती दोनदा चाळली, धुतली, गॅलरीत वर्तमानपत्रावर वाळवली. वर म्हणाली, "कुत्री बसतात त्यावर." ठेल्यावरची मऊ पडत आलेली सफरचंदं घरात होतीच. मी ती चिरली, साखर आणि दालचिनीची पूड लावली, ॲल्युमिनियमच्या डब्यात घातली. मैदा-तुपाचं आई बघते म्हणाली, म्हणून मी गॅलरीतून वाळू गोळा करायला गेले. परत येईपर्यंत तिनं डब्यावर वरचा थर घातलाही होता. मला तो जरा सपाट वाटला. चुरा भाजल्यावर होत असेल, असं मी मनाशी म्हटलं.

बराच वेळ भाजून झाकण काढलं. वरचा थर एकसंध होता, बाटीसारखा टणक. चमचा आपटला तर टकटक वाजला. त्याच्या खालची बाजू सफरचंदाच्या पाण्यानं चिकट, कच्ची.

आईनं चमच्याच्या टोकानं तो चिकट भाग उकरून पाहिला. मग म्हणाली, "अंड्याशिवाय हलकं होत नाही ते. मला वाटलंच होतं." तिच्या आवाजात आनंद नव्हता. मला वाटतं, खरं निघालं असतं तर तिला बरंच वाटलं असतं.

त्या दिवशी माझ्याही मनात पाल चुकचुकली. काकूंच्या फ्रिजवर अंड्यांचा ट्रे मी पाहिला होता. कृती विचारली की त्या "सोपं आहे ग, चुटकीसरशी होतं" म्हणून विषय संपवायच्या. एकदा मी गेले तर स्वयंपाकघराचं दार लोटलेलं होतं. आधी ज्या गोष्टींकडे मी पाहिलंही नव्हतं त्या एकेक करून पुढे यायला लागल्या. एखाद्या माणसाबद्दल असं एकदा सुरू झालं की त्याचं हसणंसुद्धा वेगळं वाटायला लागतं. आईला रोज असंच वाटत असेल का, असाही विचार आला.

दोन दिवस मी जिन्यात काकूंना टाळलं. तिसऱ्या दिवशी सरकारी सुट्टी होती, त्यांनीच वरून हाक मारली. "सीटचं काय ग? ड्रायव्हर विचारतोय."

मी वर गेले. त्या कुकर लावत होत्या. मी दारातच उभी राहून विचारलं, "काकू, त्यात अंडं असतं का?"

त्यांनी माझ्याकडे पाहिलं. "हे तू विचारतेस की आई?"

"दोघी."

त्यांनी गॅस बंद केला. पदराला हात पुसले आणि म्हणाल्या, "चल खाली."

त्यांच्या हातात काहीच नव्हतं. आमच्या दारात चपला काढून त्या स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी थांबल्या. आमचा देव्हारा स्वयंपाकघरातच होता. आई भाजी निवडत बसली होती, ती उठली.

"येऊ का आत?" काकूंनी विचारलं. "मी काही आणलेलं नाही. सगळं तुमच्याच डब्यातलं घेते. तुम्ही फक्त समोर बसा."

आईनं निवडलेली भाजी बाजूला सरकवली. मग ती म्हणाली, "हात धुवा. साबण तिकडे आहे."

काकूंनी परातीत मैदा घेतला, साखर घेतली, घट्ट तूप घातलं आणि बोटांच्या टोकांनी हलकेच चोळायला लागल्या. आई त्यांच्या हातांवरून नजर हलवत नव्हती. मैद्याचे रव्यासारखे बारीक कण व्हायला लागले. एवढ्यात आईनं दुधाचं भांडं उचललं आणि परातीत धार धरणार, तोच काकूंनी तिचं मनगट धरलं.

"हे काय करताय?"

"मग मळणार कसं?"

"मळायचंच नाही."

"मळायचं नाही?" आईनं माझ्याकडे पाहिलं, मग परातीकडे. "पीठ काय असं कोरडं सोडून द्यायचं?"

"असंच. म्हणून तर चुरा. तुम्ही मागच्या वेळी दूध घातलंत का?"

"घातलं. थोडंसंच. मळलं, लाटलं, वर ठेवलं." आईचा आवाज खाली आला. "मोहन घातलेलं पीठ मळल्याशिवाय कोण ठेवतं?"

काकूंना हसू आलं, पण त्यांनी ते दाबलं. आईनं दुधाचं भांडं जाग्यावर ठेवलं. माझ्याकडे तिनं परत पाहिलं नाही.

डबा कुकरमध्ये गेला. आता करण्यासारखं काही नव्हतं आणि दोघी समोरासमोर बसल्या होत्या. दालचिनीचा वास यायला लागला होता. आईनं एकदम विचारलं, "तुम्हाला माझ्या मुलीचं एवढं काय पडलंय?"

मला जमिनीत गडप व्हावंसं वाटलं. काकूंना मात्र राग आला नाही.

"खरं सांगू? माझ्या शेजारी इतकी वर्षं एक भाईसाहब बसतात. बस सुटली की झोपतात ते माझ्या खांद्यावर. बदरपूरपर्यंत मी त्यांना कोपरानं ढकलत असते. ते आता रिटायर होतायत. त्यांच्या जागी आणखी कोण येईल, काय नेम? ही बसली तर बाईमाणूस शेजारी. मराठीत दोन शब्द बोलता येतील. आणि येताना मला झोपता येईल."

आई विचार करत होती. "म्हणजे यात तुमचीही सोय आहे."

"माझीच जास्त."

"मग हे आधी नाही का सांगायचं?"

"त्यात काय सांगायचं? मला उगाच स्वार्थी दिसायला नको म्हणून..."

"स्वार्थ असला म्हणजे माणसाचं कळतं तरी," आई म्हणाली. तिचे खांदे खाली आलेले मी पाहिले. तिनं काकूंसाठी चहा टाकला.

चहा पिताना काकू म्हणाल्या, "बाय द वे, ते लाडू-चकल्या कशासाठी पाठवत होता? मला वाटलं, यांना माझ्या साहेबांकडे कुणाला तरी चिकटवायचंय."

"रिकामं भांडं कसं पाठवू?"

"अहो, मीही म्हणूनच परत परत भरत होते. थांबायचं कुणी, तेच कळेना. सफरचंदं काय भाव झालीयेत."

आईनं तोंडाला पदर लावला. ती हसत होती की नाही, मला खात्रीनं सांगता येणार नाही.

झाकण काढलं तेव्हा वरचा थर बदामी झाला होता आणि कडांनी सफरचंदाचा रस उकळत होता. आईनं चमच्यानं वर टोचलं. तो कुरकुर करत मोडला. तिनं पुन्हा दुसऱ्या बाजूला टोचलं, तिथेही मोडला. मग एका वाटीत थोडं काढून तिनं देवापुढे ठेवलं. काकू ते बघत होत्या. मग आम्ही तिघींनी खाल्लं, तोंड भाजत. आई म्हणाली, "गोड जरा कमी आहे," आणि आणखी घेतलं.

संध्याकाळी बाबा आले. त्यांच्यापुढेही वाटी ठेवली. त्यांनी एक घास खाल्ला, दुसरा खाल्ला, आणि त्यात काय काय आहे ते विचारलंच नाही. मग म्हणाले, "हिच्या कॉलेजचं काय ठरवलंस?"

आई पोळी लाटत होती. मान वर न करता म्हणाली, "एक तारखेपासून बसनं जाईल. वरच्या बाईंना सोबत हवीय. त्यांची अडचण आहे, आपण नाही म्हणणं बरं दिसत नाही."