हिरव्या चिंधीची किल्ली

मी जात्याच संशयी. दूधवाल्यासमोर दूध पुन्हा मापून घेणारी. त्यामुळे आमची पिकअप कर्जतच्या रस्त्यावर दारूच्या बॉक्ससकट एक्साइजवाल्यांनी धरली, तेव्हा पहिला संशय मला ड्रायव्हरचाच आला. नवराही तेच म्हणाला, "आपली किल्ली बघ, खिळ्यालाच हाय. त्यानं बाजारात डुप्लिकेट करून घेतली आन् न विचारता गाडी काढली." झालं! मेल्याला रोज गरम भाकरी वाढत होते मी.

गाडी माझ्या नावावर, म्हणून ती सोडवायचा कोर्टातला अर्ज माझा, शपथपत्रही माझंच. ड्रायव्हरनं चोरून केलेल्या किल्लीनं गाडी नेली, आम्हा नवराबायकोला काहीच माहीत नव्हतं, असं त्यात लिहिलेलं. वकील भराभर वाचायला लागले तसं मी म्हटलं, "सावकाश वाचा, सही माझी आहे." दोनदा वाचून घेतलं आणि मगच सही केली.

ड्रायव्हर जामिनावर सुटला. त्याची बायको पारनेरहून भिंगारला आमच्या दारात आली. "काकू, किल्ली मालकांनीच दिली हुती वो. आता समदे ह्यांना चोर म्हनत्यात. कुनी गाडीवर ठेवून घेईना."

मी तिला उंबऱ्याबाहेरच उभं केलं. पाणीसुद्धा विचारलं नाही. "रडून दाखवू नकोस, मला सगळं कळतंय," म्हणून हाकललं. ती गेल्यावर दारातल्या चपला मोजल्या, खोटं कशाला सांगू.

पुढं कोर्टानं गाडी सोडायचा हुकूम दिला. खटला संपेपर्यंत विकायची नाही, रंग बदलायचा नाही, बोलावलं की हजर करायची. आम्ही दोघं एक्साइजच्या ऑफिसात गेलो. आवारात इतके महिने उभी गाडी, काय काय काढून घेतलं असेल देव जाणे! मी टायरांचे आणि बॅटरीचे नंबर चिठ्ठीवर लिहूनच नेले होते. वाकून वाकून एकेक ताडून बघितला. सगळे जिथल्या तिथं. मला जरा वाईटच वाटलं.

मग कारकुनानं लाखेचं सील फोडून पाकिटातली, गाडीबरोबर जप्त केलेली किल्ली टेबलावर ठेवली.

किल्लीला हिरवी चिंधी होती. माझ्या डोहाळजेवणाच्या साडीच्या काठाची, गाठ माझ्याच हातची. ही आमची जादा किल्ली. कपाटात साड्यांखाली ठेवलेली. आणि कपाटाची चावी देवघरात कुठं असते, ते आम्हा दोघांनाच ठाऊक. अख्ख्या जगाचा संशय घेतला मी, पण ते कपाट काही उघडून बघितलं नाही. अंगाचा नुसता तिळपापड झाला.

नवऱ्याकडं बघितलं. तो भिंतीवरचं कॅलेंडर वाचत होता.

"इथं सही करा, ताई," कारकून म्हणाला.

"आधी पावतीवर किल्लीचं वर्णन लिहा. हिरव्या काठाची चिंधी बांधलेली."

"तेवढं लागत नाही."

"मला लागतंय. मालकाच्या घरची जादा किल्ली, असंही लिहा. हवं तर माझ्या सांगण्यावरून म्हणून लिहा."

नवरा कानाशी आला. "अगं, येड लागलं का? मी अडकंन ना!"

"तो अडकलाय त्याचं काय?" मी इतक्या मोठ्यानं म्हटलं, की शेजारच्या टेबलावरचे साहेबही बघायला लागले.

कारकुनानं लिहिलं. मी दोनदा वाचलं आणि सही केली.

गाडीत बसल्यावर नवऱ्यानं विचारलं, "घरी?"

"पारनेरला. उद्या वकिलांकडं. त्या शपथपत्रात मी खोटं सांगितलंय, ते निस्तरायचंय."

पोहोचल्यावर तो गाडीतून उतरला नाही. ड्रायव्हरच्या बायकोनं दार उघडलं. आत या म्हणाली नाही. मी उंबऱ्याबाहेरूनच पावती पुढं केली.