लाइन चालू होती

खांबावरची लाइन चालू आहे हे ठाऊक असताना तुम्ही माणसाला वर चढू द्याल का? नाही म्हणालात ना? मीही नाहीच म्हणाले असते, आणि तेही जोरात. बाबा नागपुरात कंत्राटी लाइनमनच्या संघटनेचं काम करायचे. मी शाळेतून आले की त्यांच्या पत्रकांच्या घड्या घालायला बसायचे. ‘सुरक्षा ही मेहेरबानी नव्हे’ हे वाक्य मला पाढ्यांच्या आधी वाचता यायला लागलं.

न्यू जर्सीत शिकायला आले, तेव्हा वरच्या मजल्यावर अमेरिकन फुटबॉलचा एक खेळाडू राहायचा. संघ व्यावसायिक, पण हा राखीव. लॉन्ड्रीच्या खोलीत ओळख झाली. एकदा त्याला पोहे खायला बोलावलं, तर पातेलं रिकामं करून म्हणाला, “जेवायला काय आहे?”

मी फोनवर बाबांना सांगितलं, “वरचा शेजारी लाइनमन आहे.”

“अरे वा! जयभीम सांग त्याला. किती व्होल्टेजवर काम करतो?”

“बाबा, खांबावरचा नाही हो! खेळातला. चेंडू फेकणाऱ्यासमोर भिंतीसारखं उभं राहायचं, धावून येणाऱ्यांना अंगावर घ्यायचं. चेंडूला हात लावायचा नाही. चूक झाली तरच पंच माइकवर त्याचा नंबर सांगतो. चांगला खेळला तर कुणाला पत्ताही लागत नाही.”

“मग आपलाच आहे की. लाइट गेल्याशिवाय लाइनमन कुणाला आठवतो?” बाबा म्हणाले. “आणि त्याची लाइन कोण बंद करतं?”

मी हसण्यावारी नेलं. बाबांची पत्रकं, जयभीम, सगळ्यासकट हा किस्सा शेजाऱ्याला सांगितला, तर तो डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसला. “वडिलांना सांग, मला उंचीची भीती वाटते!”

हिवाळ्याच्या तोंडावर, एका गुरुवारी, तो पार्किंगमध्ये किल्ली हातात धरून उभा दिसला. आभाळ भरलेलं, तरी डोळ्यांवर काळा चष्मा. त्याची गाडी समोरच होती. मी बोट दाखवलं तेव्हा ‘हो हो’ म्हणाला. मग सहज गप्पा माराव्यात तसं विचारलं, “तुझे वडील काय करतात?”

बाबांच्या किस्स्यावर हाच तर डोळे पुसत हसला होता. “डोकं आपटलंय का कुठे?”

“सरावात. थोडंसं. कुणाला बोलू नकोस.”

“संघाच्या डॉक्टरांना तरी सांग.”

“सांगितलं की बाहेर बसवतील. माझ्या जागेवरच्या मुख्य खेळाडूचा गुडघा गेलाय, रविवारी पहिल्यापासून मी खेळणार आहे. इतकी वर्षं याचीच वाट बघतोय. बसलेल्याला परत कोण बोलावतं?”

मी ‘बरं’ म्हणाले. त्याच्या निर्णयाचा मान राखतेय, असंही स्वतःला सांगून झालं.

रविवारी जवळच्या एडिसन गावात ओळखीच्या एका काकांच्या बेसमेंटमध्ये सगळे मॅच बघायला जमलो. मी मिरवत होते. “डावीकडून दुसरा, तो माझा शेजारी!”

“अगं, सगळी कपाटंच उभी आहेत,” काका म्हणाले. “तुझं कपाट कुठलं?”

“पडलंय ते,” काकूंनी दाखवलं.

तो पडला होता. कोपरावर उठू बघत होता आणि कोपर घसरत होतं. “ही इज डाऊन!” पोरं ओरडली. त्या बेसमेंटमध्ये त्याच्या डोक्याचं काय झालंय हे मला एकटीला माहीत होतं. आणि मी काय केलं? सोफ्यावर उभी राहून ओरडले, “ऊठ! ऊठ यार!” तो उठला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, मीही वाजवल्या. तो परत जागेवर गेला, वाकला आणि पुन्हा समोरच्याला भिडला.

सोमवारी सकाळी बाबांना सगळं सांगितलं. मला वाटलं होतं, बाबा मालकांवर चिडतील. त्यांनी एवढंच विचारलं, “लाइन चालू होती, हे तुला ठाऊक होतं?”

“हो.”

मी फोन ठेवला आणि वर जाऊन दार वाजवलं. त्याने अंधारातच दार उघडलं. मी म्हटलं, “आज तू डॉक्टरांना सांग, नाहीतर मी सांगते.”

“तुझ्यासाठी हे पत्रक आहे,” तो म्हणाला. “माझी ही नोकरी आहे.”

शेवटी त्याने स्वतःच डॉक्टरांना सांगितलं. आधी संघाने विश्रांती दिली, मग सोडून दिलं. सामान नेताना जिन्यात भेटला, तेव्हा मी जयभीम म्हटलं. त्याने मान हलवली. त्याला ते आठवत होतं की नाही, कळलं नाही. बाबांचा किस्सा पुन्हा सांगण्याची माझी हिंमत झाली नाही.

त्याची नोकरी गेली, याचं मला वाईट वाटतं. पण बोलले, याची लाज वाटत नाही. गुरुवारी बोलले नाही, याची वाटते. मध्ये तो रविवार होता.

म्हणून एक मागणं आहे. कुठल्याही मैदानावर माणूस पडला, तर ‘ऊठ’ म्हणून ओरडू नका. आणि तुमच्या ओळखीचं कुणी ‘बोलू नकोस’ म्हणत काळा चष्मा लावून कामावर निघालं असेल, तर सोमवारपर्यंत थांबू नका. आजच जाऊन त्याचं दार वाजवा.