दाराशी आलेली ती पोरगी

भुताखेतांच्या गप्पा सुरू झाल्या की "खलास, चहा टाकते" म्हणून उठणारी बाई मी. पण हे माझ्याच हॉलमध्ये झालंय, इथे यूएईत, फुजैरात, भर दुपारी, एसी चालू असताना… आता कुणाला वेडी म्हणू?

आई चिपळूणहून व्हिजिट व्हिसावर आली होती. माझी लेक सई कॉलेजच्या फिल्म कोर्ससाठी लॅपटॉप टीव्हीला जोडून एक जुना जपानी मूकपट बघत होती. मधल्या पाट्याही जपानीत. मोठं घर, खाष्ट सासू, मान खाली घालून राबणारी सून. आई मेथी निवडता निवडता स्वतःच सासूचे डायलॉग मारायला लागली – "अगो, चहा गार! बापाने हेच शिकवलं काय?" आम्ही हसून हसून बेजार!

मग ती सून बोचकं घेऊन दाराशी गेली. वळली. ओठ हलले.

"जाते म्हणाली," आई म्हणाली.

"येते म्हणाली असेल गं. घरातून निघताना जाते कोण म्हणतं?"

"मी म्हटलं होतं." आईचा हात थांबला होता. "मिरजेला नर्सिंगला नंबर लागला होता. तुझी आजी म्हणाली, घरंदाज बायका लोकांचं गू-मूत काढत नाहीत. मी पिशवी उचलली नि म्हटलं, जाते…"

तेवढ्यात पडद्यावर एक चिमुरडी धावत आली आणि त्या बाईच्या बाहीला लोंबकळली. बाई परत फिरली.

"तू पण अश्शीच आलीस," आई म्हणाली आणि ढसाढसा रडली. मी तिला कधी रडताना पाहिलं नव्हतं. फार वाईट वाटलं हो. आमची दुखणी काढण्यातच त्या हातांचं आयुष्य गेलं.

आई गावी परतल्यावर सईने असाइनमेंटसाठी तीच फाइल पुन्हा लावली. बाई दाराशी येते, ओठ हलतात… आणि सरळ निघून जाते! आम्ही अख्खा सिनेमा पुढे-मागे करून पाहिला. पोरगी कुठेच नाही. सई पांढरीफटक – "मम्मा, देअर वॉज अ किड. आय सॉ हर!" नवरा म्हणतो, दोन व्हर्जन असतील. अहो, लॅपटॉपवर फाइल एकच आहे! मला आजही काही उमगलेलं नाही.

परवा फोनवर आईला सांगितलं, "ती बाई परत नाही आली गं. गेली ती."

आई म्हणाली, "बरं केलंन हो." आणि थोड्या वेळाने, हळूच – "पण मग त्या पोरीला जेवायला कोण घालत असेल?"

सिनेमात पोरगीच नाही, हे सांगायला माझी जीभ रेटेना.

"असेल गं कुणीतरी," म्हटलं.