लिदियाच्या तोंडी दुसरीचा आवाज

आज लिदियाच्या फ्युनरलला मी माती खाल्ली.

सगळे म्हणतायत व्हिडिओ किती छान झाला. ते ऐकवत नाही, म्हणून लिहितेय.

आइंडहोवनला आमच्या खालच्या फ्लॅटमध्ये राहायची ती. मूळची इटालियन. नवरा डच, तो केव्हाच गेला. मूलबाळ नाही. माझी लेक तिला ओमा म्हणायची, आजी.

आणि ही ओमा एकेकाळी सिनेमातली नटी होती.

महायुद्ध संपल्यावर रोममध्ये तिने पाच-सहा सिनेमे केले. पोस्टरवर नाव येणार नाही असे रोल. मोलकरीण, कोळ्याची बायको, हीरोला नाही म्हणणारी शिंपीण.

चेहरा असा की बघत राहावं. आवाज मात्र घोगरा, त्यात गावाकडचा हेल.

तिकडे तेव्हा डायलॉग नंतर स्टुडिओत भरायचे. लिदियाचे दर वेळी दुसरीच कुणी भरायची, गोड गळ्याची.

"मग शूटिंगला काय बोलायचीस गं?"

"आकडे. एकतीस, बत्तीस, तेहेतीस. हीरो रडतोय आणि मी आकडे म्हणतेय. ओठ हलले की झालं."

हे हसत सांगायची. पुढचं हसत नाही.

"आईला सिनेमा दाखवायला नेलं. बाहेर आल्यावर म्हणाली, चेहरा तुझाच होता, पण तू कुठे होतीस?"

पुढच्या सिनेमाला लिदियाने अट घातली, माझाच आवाज ठेवा. काम मिळायचं बंद झालं. करिअर तिथेच संपलं.

गेल्या आठवड्यात ती कोविडमध्ये गेली. हॉस्पिटलमध्ये, एकटी.

धाकटी बहीण इटलीत, लॉकडाऊनमध्ये अडकलेली. तिने फोनवर मला एवढंच सांगितलं, "फ्युनरलच्या लाइव्हस्ट्रीमवर मला ती बोलताना ऐकव."

मी आयटीवाली. म्हटलं, डोन्ट वरी, मी बघते.

माझ्या फोनमध्ये लिदियाचे ढीगभर व्हॉइस मेसेज आहेत, मोडक्या डच-इंग्रजीत. सूप दाराशी ठेवलंय. सायकल जिन्यात लावू नकोस. पोरीला टोपी घाल, वारा आहे.

मी ते सगळे ऐकले. मध्येच खोकला, मागे टीव्ही. मला वाटलं, असल्या प्रसंगी बरं दिसणार नाही. क्वालिटी नाही.

मग तिच्या जुन्या सिनेमातला सीन लावला. तरुण लिदिया, खिडकी, आणि तो गोड गळा.

हॉलमध्ये मोजकीच माणसं होती, तीही रडली. मला तर चक्क अभिमान वाटत होता.

संध्याकाळी बहिणीचा फोन आला. रागावली नाही. रागावली असती तर बरं झालं असतं.

"सुंदर दिसत होती," म्हणाली. आणि मग, "मी शेवटपर्यंत वाट बघितली. ती बोललीच नाही."

त्या सिनेमावाल्यांना मी लिदियासमोर बसून शिव्या घातल्या होत्या. तिची कॉफी पीत. आणि माझ्या हातात आलं तेव्हा मीही तेच केलं.

बहिणीला सगळे मेसेज पाठवलेत. निळ्या टिक आल्या.

लिदिया, सावकाश जा. श्रद्धांजली लिहायला आज माझा हात धजत नाही.