तांबडा प्राइमर, लिंबाचं झाड आणि अडवलेला टेम्पो

सातारच्या वहिनी, गुडघा काय म्हणतो? नांदेडचे अण्णा, मोतीबिंदू काढला, का अजून मुहूर्तच बघताय? लातूरच्या सूनबाई, बाळाचा खोकला थांबला का? मी ठणठणीत. नसतो तर शिरूर कासारची एसटी झेपली असती का?

पुतणी गिरिजाचा फोन आला, "काका, पुण्याचं प्रदर्शन तोंडावर आलंय आणि गाव माझं शिल्प हलवू देईना. या." आमची गिरिजा टाकलेल्या वस्तूंतून शिल्पं करते, शिरूरजवळच्या एका गावात शेड घेऊन. भाऊबंद म्हणतात, शिकून भंगारवाली झाली. मी जन्मभर घाटनांदुरात कापड विकलं. चिंधीला नावं ठेवणं मला जमत नाही.

घाटनांदूर, अंबाजोगाई, बीड, मग शिरूर. ज्येष्ठ म्हणून तिकीट निम्मं, खड्डे मात्र पूर्ण. पाणी घरून न्या.

गिरिजाने ऊसतोडीचे झिजलेले कोयते, बैलगाडीच्या चाकाची लोखंडी धाव आणि बायकांनी टाकलेली लुगडी घेऊन डोक्यावर बोचकं असलेली बाई केली होती. गंजू नये म्हणून लोखंडाला तांबडा प्राइमर फासला आणि वाळायला कडुलिंबाखाली उभी केली. चुकलं ते इथंच. सकाळी कुणीतरी नारळ फोडला, मंगळवारी ओटी भरली. मी पोचलो तेव्हा बाईच्या अंगावर इतक्या नव्या नायलॉन साड्या, की मला माझं दुकान आठवलं. शेजारी फ्लेक्स. त्यात देवी अंगठ्याएवढी, गावचे पुढारी आबा पुरुषभर.

टेम्पो आला तशी माणसं आडवी बसली.

"देवीला पुण्याला कावून न्यायचं?" आबांनी विचारलं.

"आबा, ती देवी नाही. तो शेंदूर नाही, प्राइमर आहे," गिरिजा म्हणाली.

"आसंल. पर लई जागृत हाय. सभामंडपाचा प्रस्ताव गेलाय, तीर्थक्षेत्राचा 'क' वर्ग मागितलाय. आता देवीच न्हाई म्हनून वर कसं सांगू?"

गिरिजाचे डोळे भरले. वर्षभराची मेहनत होती. मीही समजावून पाहिलं, पण माझ्या मालाला गिऱ्हाईक नव्हतं.

तेवढ्यात भागाबाई पुढं आली. दरसाल टोळीबरोबर ऊसतोडीला जाणारी म्हातारी. तिनं साड्यांखालचं बोचकं चाचपलं. "हे माजंच लुगडं. टाकलं होतं मी." मग वळून म्हणाली, "आमी दरसाली घराला कुलूप घालून जातो. तवा एक जन गाडीपुढं आडवा झाला न्हाई. हिच्यासाठी बरं बसलात."

गडी पँटी झटकत उठले. बायकांनी ओटी भरली, बोचक्याला भाकरी-ठेचा बांधला. भागाबाई गिरिजाला म्हणाली, "टोळी निघायच्या आत आनून सोड, पोरी. आमाला वाटंला लावायला कुनीतरी पायजे."

आबांनी टेम्पोपुढं नारळ फोडला, फोटोपुरता दोनदा. त्या रात्री भागाबाईकडं पिठलं-भाकरी जेवलो. पैसे काढले तर शिव्या मिळाल्या. तुम्ही काढू नका.

आता घरी आहे. काल गिरिजाचा फोन आला. एका बंगलेवाल्याने दिवाणखान्यासाठी ती बाई मागितली, म्हणाल ती किंमत.

"मग?"

"नाही म्हटलं, काका. तिला गावी पोचायचंय, माणसं वाटेला लावायची आहेत."

जाणार असाल तर टोळ्या निघायच्या वेळी जा, ती लिंबाखाली असेल. पण आधी गुडघा, मोतीबिंदू आणि खोकला, तिघांचं लवकर लिहून कळवा. जीव लागून राहतो.