या आणि ने

एकोजीरावांच्या आयुष्यात जहाजं पुष्कळ आली, पण ते स्वतः कुठल्या जहाजानं कुठे गेले नाहीत. चेन्नईजवळ एन्नोरच्या बंदरात एका शिपिंग एजन्सीचे कारकून म्हणून त्यांची एकतीस वर्षं गेली. जहाज आलं की लाँचमधून जायचं, शिडी चढायची, कप्तानाच्या सह्या घ्यायच्या आणि उतरायचं. वीजकेंद्रांचा धूर आणि समुद्राचं धुकं तिथे असं मिसळतं की सकाळचे दहाही पहाटेसारखे वाटतात. त्या धुक्यात वावरून माणूसही जरा धूसर झाला होता. समोरच्याचं पहिलं वाक्य ते ऐकायचे, दुसऱ्या वाक्याला स्वारी कुठेतरी निघून गेलेली असायची.

त्या वर्षी बंदरातला गाळ उपसायला एक डच जहाज आलं. सह्या घेऊन परत निघताना त्यांना भटारखान्यातून गाणं ऐकू आलं. ठेका असा की लोखंडी जमीन तळपायाखाली थरथरावी. एक तरुण गातोय की भांडतोय ते समजेना, इतका भराभर बोलत होता. मध्येच पोरांचा घोळका ओरडला, ‘या, या, या!’ आणि मागून एका मुलीचा बारीक आवाज आला, ‘ने, ने, ने.’

एकोजीराव शिडीवर एक पाय टाकून तसेच उभे राहिले. खाली लाँचवाला तमिळमध्ये शिव्या घालत होता, तिकडे त्यांचं लक्ष नव्हतं. हे तर घरचं बोलणं होतं. खलाशाला विचारलं, तर तो हसून म्हणाला, “पार्टी साँग.” आता लग्नापेक्षा मोठी पार्टी जगात कुठली असते? घोळका म्हणजे मुलीकडची माणसं, ती व्याह्यांना म्हणतात, या. आणि मुलगी नवऱ्याला म्हणते, ने. व्याह्यांना आदरानं, नवऱ्याला एकेरीत. व्याकरणसुद्धा चोख होतं. डच लोक नागपट्टणला होते तेव्हा तंजावरला आपलं मराठ्यांचं राज्य होतं, तेव्हा शब्द तिकडूनच जहाजात चढला असणार, असा इतिहासही त्यांनी लाँच धक्क्याला लागेपर्यंत रचून टाकला. गाणं त्यांनी खलाशाकडून फोनवर घेतलंच होतं. घरी वेलचेरीला परतताना गाडीत डोळा लागला, तेव्हा त्यांच्या स्वप्नात डच खलाशी फळांची ताटं घेऊन, रांगेनं, पाण्यावरून चालत येत होते.

लग्नाचं वेड डोक्यात होतं, कारण घरात लग्न होतं. त्यांची मुलगी हरिणी पेरुंगुडीच्या एका आयटी ऑफिसात होती. तिनं मंदारला पसंत केलं. तो सांगलीचा, इथे मोटारींच्या कारखान्यात इंजिनिअर. मुलगा सोन्यासारखा, आणि मराठी घरचा. एकोजीरावांना वाटलं, पूर्वज तंजावरला आले त्याला तीनशे वर्षं झाली, आता आपण माहेरी निघालो.

पण साखरपुड्याच्या दिवशी गोंधळ झाला. एकोजीराव हात जोडून म्हणाले, “यावें, बसावें. आपण बहुत लांबून श्रमून आलेत. काफी घ्यावी, मग भोजन.” त्यांच्या आज्यानं म्हटलं असतं तसंच ते बोलले. मंदारचा एक चुलतभाऊ म्हणाला, “काका, थेट ऐतिहासिक नाटक!” आणि सगळे हसले. मंदारच्या आईला तर हसू आवरताना डोळे पुसावे लागले. पुढे कुणीतरी त्याचा व्हिडिओ केला, मागे तुतारी घातली आणि तो फिरत फिरत एकोजीरावांच्याच फोनवर आला. त्या हसण्यात वाईटपणा नव्हता, हे त्यांना कळत होतं. तरी ते लागलं, फार लागलं. परमुलखात जी भाषा जपून ठेवली, ती ज्यांची म्हणून ठेवली त्यांनाच तिचं हसू यावं! त्यानंतर सांगलीकरांशी ते मान हलवूनच बोलू लागले.

आता लग्नात मंडपाच्या दारात उभं राहून व्याह्यांचं स्वागत करायचं म्हणजे तोंड उघडणं आलं. पुन्हा हशा पिकला तर हरिणीला खाली बघावं लागेल, या एका विचारानं त्यांची झोप उडाली होती. आणि अशात समुद्रातून हे गाणं वर आलं. ‘या’ तंजावरात ‘या’च असतं आणि सांगलीतही ‘या’च. आपण गप्प राहायचं, बोलायचं ते गाण्यानं.

“वेड लागलें काय तुम्हास?” त्यांच्या पत्नी अन्नपूर्णाबाई म्हणाल्या. “दारांत नादस्वरवाले वाजंत्री ठेवलेत नव्हे?”

“नादस्वर वाजेल,” एकोजीराव म्हणाले, “पण ‘या’ म्हणेल काय?”

अन्नपूर्णाबाईंनी कपाळाला हात लावला आणि त्या आत निघून गेल्या.

इथल्या रीतीप्रमाणे लग्नाच्या आदल्याच संध्याकाळी वेलचेरीच्या हॉलवर रिसेप्शन होतं. नादस्वरवाल्यांना एकोजीरावांनी आग्रह करून जेवायला पाठवलं आणि साउंडवाल्याला खूण केली. ठेका सुरू झाला. सांगलीकर मंडळी गाड्यांतून उतरली ती खांदे उडवतच. ‘या, या, या!’ एकोजीराव दारात हात जोडून उभे होते आणि त्यांना वाटत होतं की आपण जमिनीपासून बोटभर वर आहोत.

तेवढ्यात घोळक्यातून मंदारची बहीण ऋजुता घाईनं पुढे आली. ती दोन वर्षं नोकरीसाठी रॉटरडॅमला राहून आली होती.

“काका, हे गाणं बंद करायला सांगू का?”

“कां? त्यांत ‘या’ आहे.”

ऋजुतानं त्यांच्या तोंडाकडे पाहिलं आणि तिला सगळं उमगलं. ती अगदी हळू म्हणाली, “काका, डचमध्ये ‘या’ म्हणजे हो. ‘ने’ म्हणजे नाही. पार्टीत पोरं एका मुलीला पाजत असतात. ती नाही, नाही म्हणते आणि ही पोरं तिच्यावर हो, हो ओरडतात. तिकडे या गाण्यावरून रण माजलं होतं. शाळांनी बंदीच घातली.”

एकोजीरावांना आत स्टेजवर उभी असलेली हरिणी दिसली. जरीच्या साडीत, हसत. तिच्या लग्नात आपण हे वाजवलं. त्यांनी स्वतः जाऊन साउंडवाल्याच्या हातून वायर ओढली.

ठेका तुटला. नादस्वरवाले पंगतीत पायसमच्या खिरीपर्यंत पोचले होते. मंदारची आई उंबऱ्याशी पाऊल उचलून थांबली आणि सगळा सांगलीचा मेळा एकोजीरावांकडे पाहू लागला. आता गाणं नव्हतं. जीभ तेवढी होती.

“यावें,” ते म्हणाले. मागच्यांपर्यंत पोचलं नाही, म्हणून पुन्हा म्हणाले. “यावें. बहुत लांबून श्रमून आलेत. हें घर आपलें. बोलणें जुनें आहे, तें सोसून घ्यावें.”

मागे कुणीतरी फिस्कन हसलं. त्यांनी ते ऐकलं आणि तरी हात जोडलेलेच ठेवले. मंदारच्या आईनं मागे वळून एकदा पाहिलं, मग पदर सावरून म्हणाल्या, “आलो हो.” आणि त्या आत आल्या.

दुसऱ्या दिवशी मुहूर्त झाला, जेवणं झाली आणि दुपारी फुलांची गाडी दाराशी लागली. हरिणी आईच्या गळ्यात पडून रडून झाली होती. मंदार वाकून नमस्कार करून म्हणाला, “काका, नेतो हं हरिणीला.”

एकोजीराव नात्यातल्या लहान पोरालाही ‘द्यावें, जावें’ म्हणणारे. जावयाला तर ते ‘आपण’शिवाय बोलले नव्हते. न्यावें, असं म्हणायला त्यांनी तोंड उघडलं.

“ने,” ते म्हणाले.

मंदारला आनंदच झाला. सासऱ्यांनी शेवटी मुलगा मानलं, एकेरीवर आले, असं तो नंतर सगळ्यांना सांगत सुटला. ऋजुता मात्र गाडीचं दार धरून थांबली. “काका,” तिनं हळूच विचारलं, “हे ‘ने’ आपल्यातलं की तिकडचं?”

एकोजीरावांनी उपरण्यानं डोळे पुसले.

“अर्थ तुम्हींच सांगितलात नव्हे?” ते म्हणाले. “आतां गाडींत बसावें. उशीर होतो.”