दमानं आप्पांचं जहाज

आप्पांना काहीही विचारलं तरी उत्तर लगेच यायचं नाही. 'चहा घेणार का?' एवढ्यावरही ते समोर बघत बसायचे आणि विचारणारा कंटाळून उठला की म्हणायचे, 'घेऊ की.' उचगावात आमच्या गल्लीनं त्यांचं नावच 'दमानं आप्पा' पाडलं होतं. माझे ते सख्खे चुलते. लग्न केलं नाही, आमच्यातच राहायचे. मी खतांचा दुकानदार, बोलता बोलता गिऱ्हाईक गुंडाळणारा. आमचं जमावं कसं?

ही सवय जहाजावरची. आप्पा नौदलात होते, पण लढाऊ जहाजावर नव्हे, समुद्राचा अभ्यास करणाऱ्या जहाजावर. भर दर्यात जहाज थांबवायचं, तारेला बाटल्या नि थर्मामीटर बांधून खोल सोडायचे, पारा स्थिर होईपर्यंत थांबायचं आणि मगच वर ओढायचं. 'घाईनं वर काढलेलं पाणी खोटं सांगतंय,' असं ते म्हणत.

आमच्याकडं घरटी एक फौजी. त्यामुळं पारावर आप्पांची थट्टा ठरलेली. 'आप्पा, बंदूक कितींदा चालवली?' आप्पा शांतपणे सांगायचे, 'एकदाबी न्हाय. पाणी काढलं.' हशा पिकायचा. लहर आली तर समजावायला बसायचे. 'हिरीत उतरलं की वरचं पाणी कोमट आणि पाय गार, व्हय का न्हाय? दर्याचं तसंच हाय. त्या गार पाण्याखाली पाणबुडी लपती, वरच्या जहाजाला तिचा आवाज घावत न्हाय. कुठं गार पडतंय, तेवढं आमी सांगायचं.' तोवर ऐकणारे उठून गेलेले असायचे. आप्पांना त्याचं वाईट वाटायचं, हे मला दिसायचं.

एकदा ते रजेवर आले असताना माझ्या थोरलीला ताप भरला. बायकोनं घाईघाईत थर्मामीटर काढून बघितला आणि 'काही नाही' म्हणाली. आप्पांनी तो झटकून पुन्हा लावला, पोरीचा हात धरला आणि घड्याळाकडं बघत बसले. पाच मिनिटांनी पारा एकशेतीनवर होता. तिला उचलून दवाखान्यात तेच घेऊन गेले.

जहाजाचं वय ते तिच्यावरूनच सांगायचे, 'पोरीपेक्षा दोन वर्सांनी थोरलं.' जहाज कोरं होतं, रंगाचा वासही गेला नव्हता, तेव्हा त्याच्यावर पहिला झेंडा चढताना आप्पा डेकवर उभे होते. पुढची अकरा वर्षं बंगालच्या उपसागरात नि अरबी समुद्रात त्यांनी त्याच्यावरच काढली. तार ओढणाऱ्या यंत्राजवळ उभं राहून कान गेले. निवृत्तीनंतर गुडघे गेले. आयुष्यात माझ्याकडं त्यांनी एकच गोष्ट मागितली. 'झेंडा चढताना बघितलाय. जहाज निवृत्त हुईल तवा उतरताना बघाय पायजे. मला एकट्याला जमायचं न्हाय, तू घिऊन चल.' मी 'नेतो की' म्हणालो होतो.

आप्पांना ऐकू येत नसल्यानं त्यांचे फोन माझ्याकडं यायचे. गेल्या वर्षी कोचीहून जोसेफ यांचा फोन आला. हे आप्पांचे जहाजावरचे सोबती. जहाज निवृत्त होतंय, जुन्या सगळ्यांना बोलावलंय, आप्पांना आणाच, म्हणाले. नेमकं त्याच आठवड्यात थोरलीला बघायला पाहुणे यायचे होते. कोचीला जाऊन यायचं म्हणजे पाच दिवस मोडणार. मी आप्पांच्या कानाशी तोंड नेऊन ओरडलो, 'आप्पा, जहाज मोडीत निघालं! पन कार्यक्रम फकस्त सायबांचा हाय!'

आप्पा गुडघ्यावरनं हात फिरवत राहिले. मग म्हणाले, 'बरोबर हाय. आमी पाणी काढणारी मानसं.'

तेव्हाच खरं सांगायला हवं होतं. पण मी दुकानाची किल्ली उचलून निघून गेलो. त्याची लाज अजून जात नाही. आणि ते स्थळ तर जमलंच नाही.

चार महिन्यांत आप्पा गेले. बाराव्याला जोसेफ आले. एवढ्या लांबून, काठी टेकत. फोटोला हार घालून ते मोडक्या हिंदीत बोलू लागले. जहाजावरचे पहिल्या दिवसापासूनचे आप्पा धरून तिघंच उरले होते. झेंडा उतरताना त्या तिघांना सगळ्यांच्या पुढं उभं करायचं ठरलं होतं. दोघंच उभे राहिले, मधली जागा शेवटपर्यंत मोकळी ठेवली.

'का आला नाही तो?' त्यांनी विचारलं.

बायको माझ्याकडं बघत होती. मी म्हणालो, 'तब्येत बरी नव्हती.'

जोसेफ यांनी मान हलवली. 'तरीच,' ते म्हणाले, 'नाहीतर तो चालत आला असता.'